१९१३ नंतर कमलाबाई कुठे गेल्या? जुन्या कलाकारांचं करिअर कसं वाचायचं, सोप्या भाषेत

माझी भाची अकरावीत आहे, तिला कॉलेजमधे सिनेमातल्या पहिल्या बायका असा प्रोजेक्ट मिळालाय आणि त्या निमित्ताने परवा ती वही घेऊन माझ्याकडे येऊन बसली. वहीत सगळ्यात वर कमलाबाई गोखले, खाली १९१३, मोहिनी भस्मासुर, त्याखाली अर्धं पान रिकामं आणि मग एकदम बोलपटांची वर्षं. मला विचारते, "मावशी, मधली सतरा-अठरा वर्षं यांनी कामच नाही केलं का गं? लग्न झाल्यावर सोडलं असणार ना?"

मला ऐकून वाईट वाटलं, कारण इंटरनेटवरची यादी बघून कोणालाही हेच वाटणार, आणि या बाई त्या सगळ्या वर्षांत रात्र रात्र उभं राहून काम करत होत्या. मग चहा ठेवला आणि तिला सांगत बसले, तेच इथे लिहितेय, कारण हा घोळ एकट्या कमलाबाईंचा नाहीये, त्या काळातल्या जवळजवळ प्रत्येक विसरलेल्या कलाकाराचा आहे.

आधी बाई कोण ते. फाळक्यांनी राजा हरिश्चंद्र केला तेव्हा तारामतीसाठी त्यांना एकही बाई मिळाली नव्हती. नाटकात बायकांची कामं पुरुष करायचे आणि सिनेमा तर त्याहून नवा, कॅमेऱ्यासमोर उभं राहायला कोणीच तयार नाही. शेवटी ग्रँट रोडच्या एका खानावळीतला अण्णा साळुंके नावाचा पोरगेला माणूस त्यांनी तारामती म्हणून उभा केला. ३ मे १९१३ ला मुंबईत कोरोनेशनला हरिश्चंद्र लागला, आणि लगेच पुढच्या चित्रपटात, मोहिनी भस्मासुरमधे, फाळक्यांना खऱ्याखुऱ्या दोन स्त्रिया मिळाल्या, आई आणि मुलगी. दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची मुलगी कमला, वय जेमतेम तेरा-चौदा, ती मोहिनी. दुर्गाबाई नवऱ्यापासून वेगळ्या झालेल्या, पदरात मुलगी, त्या काळी अशा बाईला पोट भरायला किती वाटा उघड्या होत्या ते वेगळं सांगायला नको, तर त्यांनी फिरत्या नाटक कंपनीची वाट धरली आणि कमला त्या कंपनीच्या बिऱ्हाडातच वाढली, चार वर्षांची असल्यापासून स्टेजवर. म्हणजे फाळक्यांकडे आली तेव्हा ती नवखी नव्हतीच, हातात दहा वर्षांचं काम होतं. यादीतली पहिली ओळ ही तिच्या करिअरची पहिली ओळ नाही, हे भाचीला आधी वहीत लिहायला लावलं.

आता मधली जागा. कमलाचं लग्न झालं रघुनाथराव गोखल्यांशी, ते स्वतः नट, आणि गोखल्यांची चित्ताकर्षक नाटक कंपनी होती. तिथे कमलाबाई नायिका. नाटक कंपनी म्हणजे काय हे आताच्या मुलांना सांगावं लागतं, आज पुण्यात भरत नाट्य मंदिरात प्रयोग करून रात्री घरी आलो असं ते नव्हतं, पन्नास माणसांचं बिऱ्हाड, पडदे, पेट्या, आचारी, बाळंतिणी सगळं बरोबर घेऊन आज मिरज उद्या हुबळी असा मुक्काम हलवायचा आणि गावात उतरलं की गाणी म्हणत पाच-सहा तासांचं नाटक उभं करायचं. नवरा गेला तेव्हा कमलाबाई पंचविशीत होत्या, लहान मुलं होती आणि एक पोटात. त्यानंतरही त्या स्टेजवरच राहिल्या कारण घर त्यावरच चालत होतं. तर ही ती सतरा-अठरा रिकामी वर्षं. सिनेमाच्या यादीत नाटक लिहीत नाहीत, एवढंच झालंय.

बरं त्या मूकपटात परत का नाही गेल्या? मला वाटतं याचं उत्तर मूकपट बनायचा कसा त्यात आहे. तिथे आवाजाचा उपयोगच नाही. संगीत नाटकातल्या बाईची निम्मी कमाई तिच्या गळ्यात असते, आणि इथे तिला सांगणार की ओठ हलव, बाकी आम्ही पाटीवर लिहू. शूटिंग उन्हात, कारण तेव्हाची फिल्म इतकी मंद की दिव्यांवर भागायचं नाही. वर त्या फिल्मला लाल रंग दिसायचाच नाही. म्हणजे कपाळावरचं ठसठशीत लाल कुंकू पडद्यावर काळंकुट्ट, रंगवलेले ओठ काळे, म्हणून चेहऱ्याला वेगळाच फिकट रंग फासून उभं राहायचं. दिग्दर्शक कॅमेऱ्याशेजारी उभा राहून शॉट चालू असतानाच ओरडून सांगणार, आता घाबर, आता मागे बघ. मूकपटच असल्यामुळे ओरडलेलं चालायचं. फाळक्यांनी चित्रपट कसा तयार करतात हे दाखवणारी एक छोटी फिल्म केली होती, ती अजून आहे, त्यात ते नटांना कसं शिकवतात ते दिसतं, जरूर बघा.

इथेच अजून एक गोष्ट, जी समजली की जुन्या लोकांबद्दलचं मत बदलतं. आपल्याला मूकपटातली माणसं तुरूतुरू पळताना का दिसतात? तेव्हाचा कॅमेरा हाताने फिरवायचा, साधारण सेकंदाला १६ चित्रं पडायची. पुढे आवाज आला तेव्हा वेग २४ वर पक्का झाला. ३५ मिलिमीटरच्या फिल्मवर एका फुटात १६ चित्रं बसतात, म्हणजे हजार फुटाचं रीळ १६ च्या वेगाने सोळा-सतरा मिनिटं चालणार आणि २४ च्या प्रोजेक्टरवर चढवलं की अकरा मिनिटांत संपणार. नटीने डोळे उचलायला घेतलेला वेळ आपण दीडपट पळवून बघतो आणि वर म्हणतो काय ते ओव्हरॅक्टिंग. आजही यूट्यूबवर बऱ्याच क्लिप अशाच पळवलेल्या आहेत, वेग जरा कमी करून बघा, माणसं एकदम माणसांसारखी वागायला लागतात.

पण कमलाबाईंची मोहिनी ना पळत दिसते ना चालत, कारण मोहिनी भस्मासुर आज कुठेच नाही. आणि हे दुखणं मोठं आहे. भारतात तेराशेच्या वर मूकपट बनले, त्यातले पूर्ण किंवा तुकड्यात आज हाताला लागतात ते तीसच्या आसपास. शंभरातले दोन-अडीच. बाकीचे गेले, आणि त्याला कारण म्हणजे नायट्रेट. १९५० च्या सुमाराला सेफ्टी फिल्म, म्हणजे सहज न पेटणारी, सगळीकडे आली, त्याच्या आधीची फिल्म नायट्रोसेल्युलोजची, बंदुकीच्या धूरविरहित दारूत जो पदार्थ असतो त्याचाच भाऊ. जळताना ती स्वतःच ऑक्सिजन सोडते, त्यामुळे एकदा पेटली की पाणी ओतून विझत नाही, पाण्याखाली सुद्धा जळते. आणि नाही पेटली तरी आपल्याकडच्या उकाड्यात आणि दमटपणात ती चिकट होते, मध सांडल्यासारखी, मग तिचा भुगा होतो. वर त्यात चांदी असते, तर चित्रपट जुना झाला की चांदीसाठी रिळं विकून टाकायची हा तेव्हाचा सरळ व्यवहार होता, आठवणी विकतोय असं कोणाच्या मनात पण नसायचं.

पुण्याला तर हे फार जवळून माहीत आहे. प्रभात कंपनी १९३३ मधे कोल्हापूरहून इथे आली, तिच्याच जागेत पुढे १९६० मधे फिल्म इन्स्टिट्यूट सुरू झालं, आणि २००३ च्या जानेवारीत तिथल्या जुन्या नायट्रेटच्या गोदामाला आग लागली, प्रभातच्या निगेटिव्ह जळाल्या. मी तेव्हा लॉ कॉलेज रोडनेच कामाला जायचे. दुसऱ्या दिवशी पेपरात वाचलं आणि घरी आई काही बोललीच नाही, तिने लहानपणी हे सगळे चित्रपट थिएटरात पाहिलेले. प्रती आधी काढून ठेवल्या होत्या म्हणून चित्रपट वाचले, पण मूळ निगेटिव्ह गेली ती गेली.

याच्या उलट गोष्ट पण सांगते, नाहीतर सगळं रडगाणंच होईल. १९१९ च्या कालिया मर्दनमधे फाळक्यांची मुलगी मंदाकिनी कृष्ण झाली होती, अगदी लहान मुलगी. ती रिळं नाशिकला फाळक्यांच्या घरच्यांकडे होती, आणि आपल्या इथल्या फिल्म अर्काइव्हचे पी. के. नायर, ज्यांनी १९६४ ला स्थापन झालेली ही संस्था जवळजवळ एकहाती उभी केली, त्यांनी ती मिळवून जोडली. म्हणून आज आपल्याला मंदाकिनीचा चेहरा दिसतो. चित्रपटाच्या सुरुवातीलाच ती साध्या रूपात वेगवेगळे भाव करून दाखवते आणि मग तिथल्या तिथे कृष्ण होते. एवढी गोड गोष्ट आहे ती. मंदाकिनी दिसते आणि कमला दिसत नाही, यात कोण जास्त चांगलं काम करायचं याचा काडीचा संबंध नाही, कोणाचं रीळ कोणाच्या माळ्यावर राहिलं एवढाच फरक.

बरं, फिल्म नाही तर नाही, कागद तरी असतील ना? असं भाचीने विचारलं, चांगलं विचारलं. आपल्याकडे सेन्सॉर बोर्डं आली १९२० मधे, त्याच्या आधी सरकारदरबारी चित्रपटाची पद्धतशीर नोंदच नाही. नंतरच्या नोंदीत सुद्धा नाव, कंपनी, किती फूट लांबी असला हिशोब, कोणी काम केलं हे विचारतो कोण. मग राहतात वर्तमानपत्रातल्या जाहिराती, हस्तपत्रकं, आणि बोलपट आल्यावर गाण्यांची चोपडी, थिएटरबाहेर स्वस्तात मिळायची ती, त्यात पात्रांची नावं छापलेली असतात. संशोधन करणारे लोक ती चोपडी सोन्यासारखी जपतात.

आणि त्या नावांचा घोळ म्हणजे विचारूच नका. लग्नाआधी कमला कामत, नंतर कमलाबाई गोखले, पण छापताना कोण नुसतं कमला छापणार, कोण कमलाबाई, कोण मिस कमला, कारण मिस लावलं की तिकीट खपायचं मग बाई तीन मुलांची आई का असेना. आणि कमला नावाच्या दुसऱ्या नट्या पण होत्याच की. त्यामुळे तिसच्या दशकातला एखादा चित्रपट यादीत दिसला तर तो ह्यांचाच का दुसऱ्या कमलेचा, हे चोपडं किंवा फोटो बघितल्याशिवाय मी तरी छातीठोक सांगणार नाही. कमलाबाईंनी एकूण पस्तीसच्या आसपास चित्रपट केले असं सांगतात. भाचीला म्हटलं, प्रत्येक नावापुढे पेन्सिलने लिही, शाईने नको.

१९३१ च्या १४ मार्चला आलमआरा, भारतातला पहिला बोलपट, लागला आणि सगळा खेळच बदलला. पुढच्याच वर्षी प्रभातचा अयोध्येचा राजा, मराठीतला पहिला बोलपट. आता ज्यांना बोलता येत नाही, गाता येत नाही त्यांची पंचाईत. मूकपटातली सगळ्यात मोठी स्टार सुलोचना, म्हणजे रूबी मायर्स, तिला काम थांबवून हिंदुस्तानी शिकावी लागली. आणि नाटकवाल्यांना एकदम मागणी आली, कारण पार्श्वगायन १९३५ पर्यंत नव्हतंच, नटाने तिथेच उभं राहून गायचं, वाजवणारे कॅमेऱ्याच्या कडेला झाडामागे नाहीतर खांबामागे लपलेले, माइक कुठेतरी कुंडीत. मान वळवली की आवाज गेला. रात्री हजार माणसांना शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोचवलेल्या बाईला हे सगळं कठीण गेलं असेल, कारण इथे उलट आवाज आवरायचा, पण सूर पक्का, पाठांतर पक्कं, एका दमात म्हणायची सवय. म्हणून यादीत कमलाबाई परत दिसायला लागतात त्या नेमक्या बोलपट आल्यावर. मला हे फार पटतं. त्या परत आल्या असं आपण म्हणतो, खरं तर त्या होत्या तिथेच होत्या, सिनेमाला आता त्यांच्या गळ्याची गरज पडली.

आणि तेव्हाच नाटक कंपन्या धडाधड बंद पडत होत्या, नाटकांच्या थिएटरांची सिनेमा थिएटरं होत होती, हेही विसरू नये.

आता टीव्हीकडे येते. याला अजून एक पुणेरी उदाहरण घेते, ललिता पवार. तुम्ही म्हणाल त्यांना कोण विसरलंय, रामायणातली मंथरा, सगळ्यांना माहीत. पण १९८७ ला मंथरा बघणाऱ्या किती जणांना माहीत होतं की ह्याच बाई मूकपटात तरुण, देखणी हिरॉइन होत्या, आणि ते सुद्धा पुण्यात? येवल्याच्या अंबा सगुण, लहानपणीच इथल्या सरपोतदारांच्या आर्यन फिल्म कंपनीत आल्या, मग पुण्याच्याच अगरवाल कंपनीचा १९३१ चा दिलेर जिगर, तो स्टंटपट, त्यात त्या आहेत आणि तो वाचलेल्या मोजक्या मूकपटांपैकी एक आहे. १९३२ मधे कैलास नावाचा चित्रपट स्वतः काढला. मग १९४२ मधे एका शूटिंगला जोराची थप्पड बसली, चेहऱ्याची एक बाजू आणि डोळा कायमचा बाधला, आणि हिरॉइनची कामं गेली. तिथून पुढे खाष्ट सासू म्हणून त्या घराघरात गेल्या. अंबापासून मंथरेपर्यंत साठ वर्षांच्या आसपासचं काम, आणि लोकांच्या डोक्यात त्यातला फक्त मागचा भाग. त्यांच्या बाबतीत यादी भरलेली आहे तरी पहिली पानं कोणी उलटत नाही, कमलाबाईंच्या बाबतीत पानंच कोरी. दोन्हीकडे नुकसान सारखंच.

टीव्ही मुंबईला आला २ ऑक्टोबर १९७२ ला, पुण्याला पुढच्या वर्षी, सिंहगडावरच्या टॉवरमुळे. माझ्या लहानपणी वाड्यात एकच टीव्ही होता, शनिवारी संध्याकाळी मराठी चित्रपट, सगळा वाडा सतरंजीवर, आणि मागची माणसं चपला काढून बसेपर्यंत नामावली संपलेली असायची. मग आजी पडद्याकडे बोट दाखवून सांगायची, ही अमक्याची सून, हिचं तमकं नाटक मी पाहिलंय. नामावलीत नसलेली माहिती असायची ती. मी तेव्हा लिहून घेतलं असतं तर आज किती उपयोग झाला असता.

सुरुवातीच्या टीव्हीवर काम करणं हे सिनेमापेक्षा नाटकाच्याच जवळचं होतं. स्टुडिओत दोन-तीन कॅमेरे, वर बसलेला निर्माता बटणं दाबून एकातून दुसऱ्यात जाणार, मधे थांबणं नाही, चुकलात तर निभावून न्या. म्हणून नाटकातली माणसं तिथे पटकन रुळली, मुंबई दूरदर्शनवरचे गजरा, चिमणराव सगळं बघा, रंगभूमीवरचीच मंडळी. पण टेप महाग. एक कार्यक्रम झाला की तीच टेप पुसून दुसरा घ्यायचा, त्यामुळे सुरुवातीच्या वर्षांतलं कितीतरी काम गेलं. नायट्रेटला निदान आग तरी लागायची, इथे माणसांनीच शांतपणे पुसलं. आणि मालिकांचे भाग, मुलाखती, नभोनाट्यासारखी छोटी कामं चित्रपटांच्या यादीत येतच नाहीत, म्हणजे नटाच्या म्हातारपणीची वर्षं परत कोरी, जशी तरुणपणी नाटकामुळे होती तशीच. जुन्या लोकांपैकी काही टिकून राहिले ते वेगळ्या वाटेने, दुर्गा खोट्यांच्या कंपनीने वागळे की दुनिया काढली, गजानन जागीरदारांनी स्वामी मालिका केली.

कमलाबाईंचा शेवटचा चित्रपट १९८० चा गहराई, ऐंशीच्या घरात असताना. मुलगा चंद्रकांत गोखले रंगभूमी आणि सिनेमातला नट, नातू विक्रम गोखले, त्यांना तर टीव्हीमुळे घरात ओळखायचे. आणि मग नव्वदीच्या दशकाच्या सुरुवातीला फिल्म इन्स्टिट्यूटमधूनच शिकून गेलेल्या रीना मोहन यांनी कमलाबाईंच्या पुण्यातल्या घरी जाऊन त्यांच्यावर माहितीपट केला, त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. तेराव्या वर्षाची मोहिनी आपल्याला दिसत नाही, पण नव्वदीतली कमलाबाई बोलताना, नाटकातलं म्हणून दाखवताना दिसते. मी तो पाहिला तेव्हा त्यांच्या आवाजाकडेच लक्ष लागून राहिलं होतं, त्या वयात सूर कुठे लावायचा हे शरीराला माहीत होतं.

भाचीने वहीतलं रिकामं अर्धं पान भरलं शेवटी. आडवी रेघ मारून त्यावर लिहिलं, नाटक, फिरती, नवरा वारला, तरी काम चालू. खाली शोधायच्या नावांची यादी केली, कमला कामत, कमलाबाई कामत, कमला गोखले, कमलाबाई गोखले, सौ. गोखले, मिस कमला, आणि पेन्सिलने एक प्रश्नचिन्ह. येत्या शनिवारी तिला घेऊन लॉ कॉलेज रोडला अर्काइव्हच्या लायब्ररीत जाणार आहे, चोपडी बघायला मिळतात का विचारू, आणि त्यानंतर जुन्या केसरीच्या फायलींत विसाच्या दशकातल्या नाटकांच्या जाहिराती, तारीख आणि गाव एका रांगेत लिहीत जायचं असं ठरलंय. ती म्हणाली दुर्गाबाईंसाठी वेगळं पान ठेवते. ठेव म्हटलं, दोन ठेव.